भिंतीवरचा बापूस

पेंटरभाई जिवंतपणीच टीव्हीवर कितीतरी वेळा मेले होते. मालिकेतल्या घरात वारलेल्या बापाचा फोटो लागला, की तो त्यांचाच. आपल्या फोटोला हार घातलेला नटांना चालत नाही, म्हणून आमचे हे कलादिग्दर्शक स्वतःचाच फोटो चौकटीत बसवून मोकळे व्हायचे. "माका काय जाता?" म्हणायचे.

मूळचे पार्शाचे. गावच्या जत्रेतल्या नाटकांचे पडदे रंगवता रंगवता मालिकांची घरं उभी करू लागले. मी कपडेपट सांभाळायचे, त्यामुळे त्यांचे चोचले जवळून पाहिले. भिंतीचा रंग वाळला, की बाकामागे, डोकं टेकतं त्या जागी, खोबरेल तेलाचा हात फिरवायचे. "डाग नाय त्या घरात माणसां रवतत असां वाटणा नाय." नव्याकोऱ्या भिंतीची ही दशा बघून निर्माता कपाळाला हात लावायचा.

सर्वण गावातल्या भाड्याच्या घरात शेवटची मालिका सुरू झाली. तिथेही फोटो त्यांचाच. फोटो दोन-चार भागांत दिसेल आणि संपेल, असा त्यांचा हिशेब होता. पण मालिका चालली आणि लेखकाला तो मेलेला बापच आवडला. नायिका रोज फोटोसमोर उभी राहून "बाबा, बाबा" करत मन मोकळं करू लागली.

त्याच सुमारास भाईंना खोकला लागला. तपासणीत फुप्फुसाचं दुखणं निघालं, तेही बरंच पुढे गेलेलं. त्यांच्या पत्नी, आमच्या वहिनी, कधी सेटवर येत नसत, त्या आल्या.

"जित्या माणसाच्या फोटोक हार घालूचो न्हय. आदी काडा तो."

भाई खाली बघत म्हणाले, "लोक माका बापूस म्हणान वळाखतत. आता तोंड बदलूचां कसां?"

मला त्यांचा संताप आला. दम लागत असतानाही स्टुलावर चढून फोटोचा हार ते स्वतःच बदलायचे. वहिनींनी पुन्हा विषय काढला नाही.

चतुर्थीच्या तोंडावर भाई गेले. काम पुन्हा सुरू झालं त्या दिवशी नायिका फोटोसमोर उभी राहिली आणि तिला एकही वाक्य बोलता येईना. फोटो उतरवायचं ठरलं. वहिनींच्या कानावर घालायला मी पार्शाला गेले.

"वहिनी, तो फोटो काढतोय आम्ही. तुम्हाला आधीपासून नकोच होता."

त्यांनी भिंतीकडे पाहिलं. बसायच्या खोलीत नुसता खिळा ठोकलेला होता.

"घरात लावूक माजो हात जाना नाय," त्या म्हणाल्या. "रवांदे थंयच, सेटार. थंय तरी तेंका रोज कोण तरी हाक मारता."