होंमासानचा वीस मिनिटांचा पहारा

होंमासान तोलकाट्यांच्या कारखान्यात चौतीस वर्षं काटे तपासायला होते. निवृत्तीला कारखान्याने घड्याळ दिलं, तर ते आठवड्याला किती सेकंद मागे पडतं हे त्यांनी आधी पाहिलं आणि मग आभाराचं पत्र लिहिलं. त्यांची बायको किमिए तर सांगते, "स्थळं बघताना मी दुसऱ्या नंबरावर होते. पहिलीच्या माहेरी जायला गाडी बदलावी लागायची, म्हणून मी."

आमची गल्ली उताराची, बारा घरांची. सगळ्यात वरचं घर होंमासानचं, सगळ्यात खालचं तोयो आजीचं. हिवाळ्यात बर्फ खिडक्यांपर्यंत चढतं. रस्त्याच्या कडेने पाट आहे, त्यात सकाळी नऊ ते दहा नदीचं पाणी सोडतात. त्या तासात प्रत्येकाने आपल्या दारचं बर्फ ढेकळं फोडून पाटात लोटायचं. तोयो आजीच्या दारापुढे पाट वळून रस्त्याखाली शिरतो, तिथे लोखंडी जाळी आहे. ती तुंबली की पाणी थेट आजीच्या घरात. म्हणून रोज एका घरातल्या कुणीतरी, अडकलेलं बर्फ ओढायला लांब आकडी घेऊन, तासभर जाळीपाशी उभं राहायचं. पाळीची लाकडी पाटी ज्याच्या दारावर, त्याचा पहारा.

आजी चौऱ्याऐंशीची, एकटी, जिभेने तिखट. नोव्हेंबरात तिचा मुलगा मासाओ तोक्योहून आला आणि गल्लीप्रमुख ओबातासानच्या देखत बोलला, "आई, ह्या हिवाळ्यात घरात एकदा जरी पाणी शिरलं, तर वृद्धाश्रम. खोली बघून ठेवलीय."

आजीने स्वतःच दारोदार जाऊन ही बातमी वाटली. "तिथे सकाळी सगळ्यांना गोल बसवून टाळ्या वाजवायला लावतात म्हणे. मी काय माकड आहे?"

होंमासान पहाऱ्याला आले की ती खिडकीतून म्हणायची, "नीट उभे राहा हो. तुमच्या आकडीवर माझं घर टांगलंय."

"आजी, तुंबायची शक्यता फार कमी आहे."

"शक्यता कमी म्हणजे पाणी घोट्यापर्यंतच येणार का?"

नव्या वर्षाच्या बैठकीत, संत्री सोलता सोलता, होंमासाननी सगळ्यांपुढे एकेक कागद सरकवला. अकरा हिवाळ्यांत पाट सात वेळा तुंबला होता, आणि सातही वेळा पहिल्या वीस मिनिटांत. पुढची चाळीस मिनिटं माणूस थंडीत नुसता उभा. तर पहारा वीस मिनिटांचाच असावा.

ओबातासान म्हणाले, "फार अभ्यास केलात. विचार करू."

आमच्याकडे 'विचार करू' म्हणजे नाही. होंमासानला ते कळत होतं. त्यांनी मान लववली. अकराव्या घरच्या इगाराशीवहिनी तेवढ्यात म्हणाल्याच, "वर राहणाऱ्याला पाणी नेहमी थोडंच दिसतं, नाही का होंमासान?" सगळे हसले.

हसले खरे, पण कागद कुणी टाकून दिला नाही. पुढच्याच आठवड्यात ओबातासान पंचविसाव्या मिनिटाला आपल्या भाजीच्या दुकानात सटकले. कोबीची खोकी उतरवायची होती. सुगाई मास्तर विसाव्याला. जो तो समजत होता की ही अक्कल फक्त आपल्याला सुचली. जाताना आकडी आजीच्या भिंतीला अशी टेकवून ठेवायचे, की बघणाऱ्याला वाटावं, गडी लघवीला गेलाय, आत्ता येईल. पूर्ण तास उभा राहणारा एकच माणूस उरला, होंमासान. ठराव झाला नव्हता ना. मग नियम तो नियम.

आणि जाळीवरून ओरडणारं कुणी नाही म्हटल्यावर ढेकळं फोडतंय कोण? साडेनऊनंतर छपरावरचे मोठाले तुकडे तसेच्या तसे पाटात जाऊ लागले. होंमासानचे आकडे खरे होते, पण ते पहारेकरी उभा असतानाचे होते.

फेब्रुवारीत दोन दिवस ओलं, जड बर्फ पडलं. तिसऱ्या दिवशी पाटी ओबातासानच्या दारावर होती. नऊ वाजून सदतीस मिनिटांनी पाटाचा आवाज थांबला. तो आवाज आम्हाला लहानपणापासून पाठ. थांबला की झोपलेलाही उठून बसतो.

"पाट गप्प झाला," किमिए म्हणाली.

"खाली ओबातासान आहेत," होंमासान म्हणाले.

"आहेत का?"

"पाटी त्यांच्या दारावर आहे."

"जाऊन बघा की."

होंमासान फावड्यावर हात ठेवून उभे राहिले. "मी गेलो तर त्यांच्यावर विश्वास नाही असं दिसेल. शिवाय मधे दहा घरं आहेत, त्यांनाही कान आहेत. सगळ्यात लांबचा मी. मी पोचेपर्यंत कुणीतरी पोचलेलं असणार."

मुद्देसूद होतं. मधल्या घराघरांत त्या वेळी हेच बोलणं चाललं होतं, फक्त इतकं मुद्देसूद नव्हे.

पंधरा मिनिटांनी पातेलं बडवल्याचा आवाज आला, तेव्हा कुठे सगळे धावले. आजी स्वयंपाकाच्या ओट्यावर पाय वर घेऊन बसली होती, हातात झाकण. घरात गुडघाभर पाणी, त्यावर तरंगणारी तिची चप्पल.

"मासाओला सांगू नका," ती म्हणाली. "दोन दिवसांत वाळेल सगळं."

"नाही हो आजी, कोण सांगतंय," आम्ही सगळे म्हणालो. चटया उचलल्या, फरशी पुसली, शेगड्या लावल्या. इगाराशीवहिनींनी तर कपाटातले कपडेसुद्धा वाळत घातले. संध्याकाळी ओबातासाननी मासाओला फोन केला. "काय करणार," ते म्हणाले, "प्रमुख आहे. कळवणं माझी जबाबदारी."

रविवारी आजीला न्यायला गाडी आली. अख्खी गल्ली रांगेत उभी राहून वाकली. आजीने काच खाली करून होंमासानला बोलावलं. "वीस मिनिटांनंतर शक्यता किती म्हणाला होतात?"

होंमासान खोटं बोलत नाहीत. "शून्य, आजी."

"बरं," म्हणाली, आणि काच वर केली.

त्या आठवड्याच्या बैठकीत ओबातासान कुठे होते हे कुणी विचारलं नाही. सुगाई मास्तर म्हणाले, "होंमासान, असले कागद वाटायचे नसतात."

"पण मी स्वतः पूर्ण तास उभा राहतो."

"तेच तर. स्वतः उभं राहायचं, आणि दुसऱ्याला सांगायचं राहू नका. ह्याला काय म्हणायचं?"

होंमासान उठले, कमरेत वाकले, माफी मागितली. पुन्हा सरळ व्हायला त्यांनी जरा जास्तच वेळ घेतला. कुणी 'असू द्या' म्हणालं नाही. माफी पुरेशी झाल्यावर ओबातासाननी दुसरा विषय घेतला: खालचं घर रिकामं झालं, तर आता पहारा हवाच कशाला? तोच कागद पुन्हा फिरला. "विचार करू" कुणीच म्हणालं नाही. एकेक करून हात वर झाले. होंमासानचा दहावा.

इगाराशीवहिनींचा हात मांडीवरच होता. "आता सगळ्यात खाली आम्ही," त्या म्हणाल्या. "सासरे खालच्या खोलीत असतात. उठता येत नाही त्यांना."

सगळे होंमासानकडे बघू लागले. मघाची नजर आता नव्हती. डॉक्टरकडे बघतात तशी होती.

"तुमच्या दाराला पायऱ्या किती?" होंमासाननी विचारलं.

"दोन."

त्यांनी कागद उलटा केला आणि खिशातून पेन्सिल काढली. "एकेक किती उंच?"