मत नसलेल्यांची तक्रार

त्या वर्षी माझे बाबा दोन महिन्यांसाठी आमच्याकडे सिंगापूरला आले होते. नवरा तुआस या बंदराच्या भागात जहाजदुरुस्तीच्या एका कंपनीत इंजिनिअर. मी आणि आमची सहा वर्षांची मुलगी, दोघी त्याच्या एम्प्लॉयमेंट पासच्या, म्हणजे नोकरीच्या परवान्याच्या, आधारावर इथे राहत होतो. पासची मुदत संपत आली होती. नूतनीकरणाचा अर्ज केला होता आणि वेबसाइटवर रोज एकच शब्द दिसायचा : पेंडिंग.

ओळखीच्या एका पुणेकर कुटुंबाचा अर्ज नुकताच नामंजूर झाला होता. महिन्याभरात त्यांनी मुलांची शाळा सोडवली, फ्लॅट रिकामा केला आणि गेले. जाताना त्यांचं डायनिंग टेबल आम्हाला देऊन गेले. त्या टेबलाशी जेवायला बसलं की मी मनात आमचंच सामान मोजायला लागायचे. आम्ही सगळीकडे दबकून वागायला लागलो होतो. टीव्हीचा आवाज कमी, मुलगी धावली तर "हळू, खालच्यांना त्रास होईल." कुणी आपलं नाव कुठे लिहू नये, एवढंच वाटायचं.

आणि त्यातच लिफ्टचं झालं.

दुपारी बाबा नातीला स्कूल बसवरून घेऊन वर येत होते. आम्ही अकराव्या मजल्यावर राहायचो. मी दार उघडून कॉरिडॉरमध्ये उभी होते. लिफ्टच्या बंद दाराआडून धाडकन आवाज आला आणि पाठोपाठ माझ्या मुलीची किंकाळी. नऊ आणि दहाच्या मध्ये लिफ्ट दोन-तीन फूट खाली घसरून अडकली होती. मी जिना उतरून धावले, दारावर हात आपटले. आतून बाबांचा आवाज आला, "अगं, आम्ही बरे आहोत. घाबरू नकोस." त्यांचा आवाज कापत होता. मुलगी रडायची थांबली होती आणि तेच मला जास्त भीतीदायक वाटलं. माणसं येऊन दार उघडेपर्यंत पाऊण तास गेला. बाबा बाहेर आले तेव्हा शर्ट घामाने चिंब झाला होता आणि नात त्यांच्या कडेवर घट्ट चिकटली होती.

संध्याकाळी बाबांनी विचारलं, "इथला नगरसेवक कोण?"

मला सांगता येईना. इथे एका मतदारसंघातून चार-पाच खासदार एकत्रच निवडून येतात; निवडणुकीच्या वेळी लावलेल्या पोस्टरवर एकदम पाच चेहरे होते, एवढंच आठवत होतं. त्यातला आपला कोणता, हे मी कधी विचारलंच नव्हतं. "बाबा, आपल्याला इथे मत नाही," मी म्हणाले. "आणि सध्या तर कुणाच्या नजरेत यायला नको."

"लिफ्टमध्ये माझी नात लटकली होती. तक्रार करायला मत कशाला लागतं?" बाबा म्हणाले. ते निवृत्त मुख्याध्यापक. तीस वर्षं निवडणुकीच्या ड्यूट्या केलेला माणूस.

नवऱ्याने घरी आल्यावर हात जोडले. "बाबा, प्लीज. पास येऊ दे. मग काय ते करू."

बाबा नातीला जेवायला घेऊन बसले. विषय संपला असं मला वाटलं.

दोन दिवसांनी संध्याकाळी मी भाजी घेऊन आले तर घरात कोणीच नव्हतं. टेबलावर बाबांची चिठ्ठी : "खाली पाटी वाचली. शेजारच्या ब्लॉकखाली खासदार भेटतात, तिथे जातो. बाळ सोबत आहे." मी तशीच खाली पळाले. शेजारच्या ब्लॉकखालच्या मोकळ्या जागेत, व्हॉइड डेकवर, प्लास्टिकच्या खुर्च्या मांडल्या होत्या. दर आठवड्याला तिथे आमच्या भागाचे खासदार रहिवाशांना भेटायचे, हे मला चार वर्षं राहूनही माहीत नव्हतं. बाबा तिसऱ्या रांगेत नंबराचा कागद धरून बसले होते. शेजारी दुभाषी म्हणून सहा वर्षांची नात.

"बाबा, उठा. घरी चला."

"आपला नंबर पुढचाच आहे," ते म्हणाले.

एका स्वयंसेविकेने फॉर्म पुढे केला आणि पास नंबर विचारला. हा नंबर कुठे जाईल, कोण वाचेल? तरी लिहिला, कारण बाबा माझ्याकडे बघत होते.

तिथल्याच एका खोलीत साध्या टेबलामागे खासदार बसले होते. अर्ध्या बाह्यांचा शर्ट, डोळे थकलेले. त्यांनी आधी बाबांना विचारलं, "अंकल, यू ओके?" मी लिफ्टचं सगळं सांगितलं. ते लिहून घेत होते. मग माझी मुलगी इथल्या शाळेत उचललेल्या, शेवटी 'लाह' लावायच्या इंग्रजीत एकदम म्हणाली, "पापाज पास ऑल्सो पेंडिंग लाह. मम्मी एव्हरी डे क्राय."

मी तिच्या तोंडावर हात ठेवला. "सॉरी, सॉरी," एवढंच मी म्हणत राहिले.

त्यांनी पेन खाली ठेवलं आणि सावकाश समजावलं. इथली लिफ्ट, दिवे, साफसफाई हे टाउन कौन्सिल बघतं आणि ते चालवणं खासदारांचंच काम. तेव्हा लिफ्टबद्दल ते स्वतः जाब विचारतील. पासचा निर्णय मात्र त्यांच्या हातात नाही. ते फार तर पास देणाऱ्या खात्याला पत्र लिहून अर्ज पुन्हा नीट बघण्याची विनंती करू शकतात. "पण अजून तुम्हाला नकार आलेला नाही," ते म्हणाले. "आला तर या."

"आम्हाला इथे मत नाही," मी कसंबसं म्हणाले.

"यू लिव्ह हिअर," ते म्हणाले आणि पुढच्या नंबराला हाक गेली.

त्या रात्री हे कळल्यावर नवरा बाबांना नको ते बोलला. पुढचे दिवस मी वेबसाइट तासातासाला उघडायचे. फोन वाजला की हातातलं काम टाकून धावायचे. फॉर्मवरचा नंबर आठवायचा. बाबांवर चिडायचे आणि चिडल्याची लाज वाटायची.

आठवड्याभरात लिफ्ट बंद करून तिचा कुठलासा भाग बदलला. लेटरबॉक्समध्ये टाउन कौन्सिलचं पत्र आलं, माझ्या नावाने, झाल्या त्रासाबद्दल दिलगिरी व्यक्त करणारं. बाबांनी ते चष्मा लावून दोनदा वाचलं.

पास बाबा परत गेल्यानंतर आला, एका वर्षाचा. नवऱ्याने ऑफिसातून फोन करून सांगितलं आणि मग म्हणाला, "मी उगाच बाबांना बोललो." मी स्वयंपाकघरात फरशीवरच बसले. रडू आलं, पण सुटल्यासारखं वाटलं नाही. पुढच्या वर्षी पास संपायची तारीख तेव्हाच डोक्यात घोळायला लागली होती.