नानांच्या दुर्बिणीची परीक्षा

उस्तादांच्या दुकानात चार माणसं जमली की किस्सा घडलाच म्हणून समजा! जुन्या जालन्यात त्यांचं बंदुका दुरुस्तीचं दुकान, शेजारी माझं कापडाचं. गिऱ्हाईक नसलं की मी तिकडंच. निजामाचं राज्य गेलं, ते दुकानही गेलं. किस्से तेवढे साचून राहिले. त्यातले दुर्बिणीचे आठवले की हसू येतं, आणि लगेच जीव खट्टू होतो.

*

आमच्यात नाना देशमुख म्हणजे राजामाणूस. गाव परतूरकडचं. दसऱ्याला वेशीबाहेर खांबावर ठेवलेलं मडकं नानांनी गोळीनं फोडायचं, मगच गावानं सोनं लुटायचं, असा त्यांच्या घराचा मान. नेम चुकला की मान भावकीत जाणार. आणि नानांची नजर तर पार अधू झालेली! एकदा त्यांनी बुजगावण्याला रामराम घातला. उत्तर आलं नाही म्हणून दिवसभर धुसफुसत होते, "लोकांला मस्ती आली!"

त्यांना सांगायचं कुणी? शेवटी आमच्या वकीलसाहेबांनी तोड काढली. मडक्याला बारीक सुतळी बांधायची आणि नानांचा गडी सखाराम बाजूच्या बाभळीमागं दडवायचा. बार झाला की त्यानं सुतळी ओढायची! दरसाल मडकं फुटायचं. नाना मिशीवर हात फिरवून म्हणायचे, "हात अजून बसेल हाय बरं का!" तेव्हा त्यांचा चेहरा बघवायचा नाही. इतका खूश असायचा.

*

मग नानांनीच मुंबईहून रायफलीवर बसवायची जर्मन दुर्बीण मागवली. "नजरेसाठी न्हाई, शौक म्हणून!"

उस्तादांनी ती बसवली, नेम जुळवला. पण आपल्याकडं पाहुणा आला की त्याला चहा द्यायचा, पान द्यायचं, नवी वस्तू हातात द्यायची. जो येई तो दुर्बिणीचं नेम जुळवायचं बटण टिकटिक फिरवून बघी. "वा, मशीन झकास!" संध्याकाळी नेम पार गावाबाहेर! उस्ताद कपाळावर हात मारून म्हणाले, "नक्को रे बाबा! चाय पिलाव, मगर इसकू हात लगाने नक्को देव!"

*

वकीलसाहेब कायद्यानं चालणारे. डोळा लावायचा म्हणजे लावायचाच, म्हणून दुर्बिणीला अगदी चिकटवून त्यांनी बार काढला. रायफलीनं मागं धक्का दिला आणि भुवईवर अर्धचंद्र उमटला. दुसऱ्या दिवशी कोर्टात मुन्सिफांनी विचारलं, "घरात सब खैरियत?"

*

मग निघाली टिकाऊपणाची परीक्षा. रायफल गोधडीत गुंडाळून बैलगाडीत ठेवली आणि जालन्याहून नानांच्या गावापर्यंत नेली. रस्ता कसला, नुसते धोंडे! आमची हाडं खिळखिळी झाली. उतरल्यावर उस्तादांनी बार काढला, नेम बराबर. नाना म्हणाले, "दुर्बीण पास झाली. तुम्ही समदे नापास!"

फार हसलो त्या दिवशी. तसं हसणं पुन्हा त्या मंडळींत झालं नाही, याचं आजही वाईट वाटतं.

*

दसरा आला. मी म्हटलं, "आता दुर्बीण हाय, सुतळी कशाला?"

वकीलसाहेब म्हणाले, "असू द्या. आयत्या वक्ताला कुणी बटण फिरवलं असलं मंग? मान कायमचा जाईल."

सगळ्यांना पटलं. सखाराम बाभळीमागं जाऊन बसला.

सगळं गाव जमलं. नानांनी दुर्बिणीला डोळा लावला. एरवी ते लगेच बार काढत, त्या दिवशी बघतच राहिले. मग नळी हळूहळू मडक्यावरून खाली उतरली. खांबाच्या बाजूनं जमिनीलगत सरकत सरकत बाभळीपाशी आली आणि थांबली. उस्ताद पुटपुटले, "या अल्ला!"

गावकऱ्यांना वाटलं, नाना नेम धरून राह्यले. सगळ्यांचे डोळे मडक्यावरच होते.

नानांनी नळी वर उचलली आणि आभाळात बार काढला.

मडकं फुटलं! हलगी कडाडली, लोक सोनं लुटायला धावले. भावकीतलेसुद्धा येऊन नानांच्या पाया पडले. नानांनी सगळ्यांच्या पाठीवरून हात फिरवला. मग आमच्याकडं आले, रायफल उस्तादांच्या हातात दिली आणि म्हणाले,

"दुर्बीण लई चांगली हाय, उस्ताद. समदं बिलकुल साफ दिसतं."