मुख्य कोण, साथीला कोण

सिंगापूरमधल्या बुकित बातोकच्या आमच्या ब्लॉकमध्ये एका लांब कॉरिडॉरवर सगळ्यांची दारं ओळीने होती. शेजारच्या दारात दोन वादक भाऊ राहायला आले, तेव्हा मी नवऱ्याला म्हटलं, "आता बाजूला बँड आलाय. झोपेचं विसरा." तो पहाटेच कंपनीच्या बसने जुरोंग आयलंडला जाणारा, त्यामुळे त्याचा चेहरा बघण्यासारखा झाला. पण ते दोघं घरात वाजवतच नसत. दुपारी खाली व्हॉइड डेकवर, म्हणजे इमारतीखालच्या मोकळ्या जागेत, सायकली लावतात त्या कोपऱ्यात जाऊन वाजवत. वर आल्यावर बूट दाराबाहेर इतके नीट लावून ठेवत की मला आमच्या चपलांची लाज वाटे.

ते दक्षिण अमेरिकेतल्या उंच डोंगराळ मुलखातले. मी त्यांना मनातल्या मनात थोरले आणि धाकटे म्हणत असे. थोरले पन्नाशी ओलांडलेले आणि मिश्कील, धाकटे अबोल. माझं इंग्रजी त्यांना समजे, कारण मी सावकाश बोलत असे. इतरांचं त्यांना समजत नसे.

त्यांची सगळी कारकीर्द चपलांच्या कपाटावर रचलेल्या सीडींच्या ढिगात होती. सगळ्यात खालच्या सीडीवर काळ्याभोर केसांची दोन पोरं कड्यावर उभी होती. गावच्या जत्रेत वाजवायला लागले, मग शहरात, मग युरोपातल्या चौकांत टोपी पुढे ठेवून. काही वर्षं मोठमोठ्या सभागृहांतही वाजवलं. मग मागणी आटली, मग पर्यटकांची बोट, आणि शेवटी हे सिंगापूरचं नदीकाठचं रेस्टॉरंट. तिथल्या मॅनेजरने त्यांना डोक्यावर पिसांचे मुकुट घालायला लावले होते. "आमच्याकडे पिसं फक्त कोंबडीला असतात," थोरले म्हणाले. त्यावर मी हसले, पण मला त्या मॅनेजरचा रागच आला.

आमच्या मराठी मंडळींच्या गणपतीत त्यांना वाजवायला बोलवायची टूम माझीच. हॉलमध्ये निवेदन करणाऱ्या गृहस्थांनी मला बाजूला घेऊन विचारलं, "वहिनी, यांच्यात मुख्य कोण आणि साथीला कोण?" मी जाऊन तेच त्या दोघांना विचारलं. साथ म्हणजे काय, तेही समजावलं: एक गातो, दुसरा त्याच्या मागे राहून त्याला धरून ठेवतो. थोरल्यांनी तो शब्द दोनदा म्हणून पाहिला, साथ, साथ, आणि नाही अशी मान हलवली. त्यांच्यात तसं काही नव्हतं. पण आपल्या लोकांना मुख्य कलाकार लागतोच. माइक धाकट्यांपुढे ठेवला गेला आणि थोरल्यांना तबलजीसारखं डाव्या हाताला बसवलं.

जे ऐकू आलं ते फार विचित्र होतं. सूर येई, मग खड्डा, मग सूर, मग परत खड्डा. लोकांनी टाळ्या वाजवल्या. एक काका म्हणाले, "मॉडर्न दिसतंय."

दुसऱ्या दिवशी थोरले आपला आणि धाकट्यांचा पावा घेऊन माझ्या स्वयंपाकघरात आले. बोरूच्या नळ्या ओळीने बांधलेल्या. त्यांनी ओट्यावर दोन्ही पावे शेजारी शेजारी ठेवले, आणि मला एकेक नळी फुंकून दाखवली. सा यांच्याकडे, रे त्यांच्याकडे, ग परत यांच्याकडे. एकाच सप्तकाचे सूर दोघांत वाटलेले. एकाने फुंकायचं, दुसऱ्याने पुढचा सूर उचलायचा, आणि चाल दोघांच्या मध्ये तयार व्हायची. दोन्ही ओळी एकत्र बांधून एकटा माणूसही वाजवू शकतो, हल्ली पुष्कळ जण तसंच वाजवतात, पण त्यांच्या गावात त्याला वाजवणं म्हणत नाहीत. "एकट्याने जेवल्यासारखं," थोरले म्हणाले.

पुढच्या वर्षी एके सकाळी थोरल्यांनी दार वाजवलं. त्यांचं तोंड डावीकडे ओढलेलं बघून मला वाटलं, कुणाची तरी नक्कल करतायत. मी हसलेसुद्धा. ते हसले नाहीत, कारण त्यांना हसता येत नव्हतं.

डॉक्टर म्हणाले, चेहऱ्याची शीर आहे. येईल परत, किंवा नाही येणार. गालात हवा भरून फुंकायचा व्यायाम सांगितला. मी पुण्याला आईला फोन करून विचारलं, तिळाचं तेल कोमट करून दिलं, धाकट्यांना मालीश शिकवलं. थोरले गाल हाताने दाबून धरत आणि फुंकत. हवा ओठाच्या कोपऱ्यातून निसटून जाई. महिने गेले. माझी मुलगी शाळेतून येताना कॉरिडॉरमध्ये ते बघायची आणि घरात येऊन म्हणायची, "आई, स्टिल कॅनॉट ला." अजून जमत नाहीच, असं इथल्या इंग्रजीत. मी तिच्यावर ओरडायची. तिचं काही चुकत नव्हतं.

मग मॅनेजर घरी आला. भावांनी मला बसायला बोलावलं, मी सावकाश बोलते म्हणून. माणूस काही वाईट नव्हता. मुलाच्या परीक्षेची काळजी असलेला, घामाने डबडबलेला माणूस. त्याचं म्हणणं एवढंच होतं की मालक आता एकाच्याच पासचं, इथे काम करायच्या परवान्याचं, नूतनीकरण करणार. दुसऱ्याला परत जावं लागेल. दोघांनी माझ्याकडे पाहिलं. मॅनेजरने मला सांगितलं, "विचारा त्यांना, मेन कोण आहे?"

मला उठून जायचं होतं. पण मी गेले असते तरी तो प्रश्न तिथेच राहिला असता. मी विचारला.

धाकटे त्यांच्या भाषेत भराभर काहीतरी बोलायला लागले. त्यांना इतकं बोलताना मी पहिल्यांदाच ऐकलं. थोरल्यांनी त्यांच्या गुडघ्यावर हात ठेवला आणि मॅनेजरकडे न बघता माझ्याकडे बघून, वाकड्या तोंडाने, एकेक शब्द जुळवत म्हणाले, "मेन, तो. मी, साथ."

मॅनेजर समजल्यासारखी मान हलवून गेला. ते खोटं आहे हे त्या खोलीत आम्हा तिघांना माहीत होतं, आणि तिघांपैकी कुणालाच त्याचं काही करता येत नव्हतं.

थोरले निघाले त्या दुपारी त्यांनी मला हाक मारली. दोन्ही पावे मांडीवर एकावर एक ठेवले होते आणि ते त्यांना लाल लोकरीच्या दोऱ्याने आवळत होते. धाकटे खिडकीकडे तोंड करून उभे होते. त्यांनी हात लावायला साफ नकार दिला होता. "बोट," थोरले म्हणाले. मी पुड्याला दोरा बांधताना धरतात तसं गाठीवर बोट दाबून धरलं. त्यांनी गाठ ओढली. मी बोट काढलं.

त्यांनी तो पावा भावाच्या हातात दिला आणि वाजव म्हणून खूण केली. धाकट्यांनी तो ओठांशी नेला. मग वाजवलं. गणपतीत जे आम्ही अर्धंच ऐकलं होतं, ते. कुठे खड्डा नाही, कुठे अडखळणं नाही, एकही सूर कमी नाही. सगळं अगदी नीट वाजलं.

थोरले मान हलवत राहिले. त्यांच्या न मिटणाऱ्या डोळ्यातून पाणी येत होतं. या आजारात तसं येतंच, असं डॉक्टरांनी सांगितलं होतं. दुसऱ्या डोळ्याबद्दल डॉक्टर काही बोलले नव्हते.