दिनकररावांनी कापलेला प्रसंग

दिग्दर्शक दिनकरराव पारठे यांची व माझी पहिली भेट महाडच्या मोटार स्टँडवर झाली. सहायक म्हणून रुजू व्हायला मी नवे कपडे घालून गेलो होतो. त्यांनी मला थेट जवळच्या सव गावी नेले, स्वतः तिथल्या गरम पाण्याच्या कुंडात उतरले आणि मला काठावर उन्हात उभे करून संपूर्ण पटकथा मोठ्याने वाचायला लावली. वाचून घसा बसला, तेव्हा म्हणाले, "आता पुन्हा वाचा. मघाशी माझं लक्ष नव्हतं."

अशा माणसाचा साठीनिमित्त गौरव करायला मला सांगितले आहे!

आपल्या चित्रपटांत ते स्वतः भूमिकाही करीत, आणि त्यामुळे आमचे हाल दुप्पट होत. दिग्दर्शक नटावर रागावे, नट दिग्दर्शकावर रुसे आणि दोघांची समजूत मी काढी. त्यात "कट" म्हणण्याचा अधिकार त्यांच्याशिवाय कोणालाही नव्हता.

पोलादपूरच्या वरच्या एका वाडीत आम्ही मृत्यूचा प्रसंग घेत होतो. मृत शेतकरी अर्थात दिनकररावच. बायकोचे काम करणारी नटी आजारी पडली, म्हणून वाडीतल्या सोनाबाईंना नुसते उशाशी बसायला सांगितले. त्यांचे यजमान मुंबईला गोदीत अपघातात गेले होते. निरोप वाडीत पोचण्याआधीच तिकडे अग्नी दिला गेला होता.

कॅमेरा सुरू झाला. सोनाबाईंनी दिनकररावांच्या कपाळावर हात ठेवला आणि एकाएकी हंबरडा फोडला, "मुंबईला गेलाव, तोंड बी दिसला नाय वो तुमचा!"

"कट" म्हणणार कोण? रीळ संपले. मी वाकून कुजबुजलो, "उठा, रीळ संपलं." दिनकररावांनी पापणीही हलवली नाही. बाईंचे रडणे ओसरेपर्यंत ते तसेच निश्चल पडून राहिले. मग सावकाश उठून बसले. बाई ओशाळल्या.

"तुमचा काम मोडला काय माज्यानं?"

महाडजवळच्या नाते गावात वाढलेले दिनकरराव त्यांच्याच बोलीत म्हणाले, "नाय गो वयनी. काय नाय मोडला."

आणि संकलनाच्या वेळी त्यांनी तो प्रसंग कापून टाकला! निर्माते संतापले. मी हात जोडले, "चित्रपटाचा प्राण आहे तो. निदान बाईंना विचारा तरी."

"विचारलं तर त्या हो म्हणतील," दिनकरराव म्हणाले. "म्हणूनच विचारायचं नाही."

त्या जागी एक कोरडा तुकडा लागला. "मृत्यूचा प्रसंग थंड," असे वृत्तपत्रांनी लिहिले. चित्रपट पडला. मी महिनाभर त्यांच्याशी बोललो नाही.

पुढे महाडला तंबूत तो चित्रपट लागला, तेव्हा वाडीची माणसे बैलगाड्या करून आली. तो प्रसंग आला आणि साऱ्या बायका सोनाबाईंना पडद्यावर शोधू लागल्या. त्या कुठेच नव्हत्या. मला मेल्याहून मेल्यासारखे झाले. बाहेर पडताना मी सोनाबाईंपुढे काहीतरी सारवासारव करू लागलो. त्यांनी मला थांबवले.

"सगल्यांम्होरं माजा रडना दिसला असता," त्या म्हणाल्या. "बरा केलानी त्यांनी."

आजही मला वाटते की चित्रपट त्या प्रसंगाने तरला असता, आणि आजही हे मी दिनकररावांना तोंडावर सांगतो. ते ऐकून घेतात आणि चहा मागवतात.

परमेश्वराने त्यांना निरोगी, उदंड आयुष्य द्यावे. आणि त्यांना सोसण्याचे बळ आम्हालाही तितकीच वर्षे पुरवावे.