ऑटोच्या गादीवर पिकल

अमेरिकेतल्या आमच्या डुलुथ गावच्या गल्लीत मार्लिस एंगेब्रेट्सनसारखी प्राणिप्रेमी बाई दुसरी नाही. हे मी नाही म्हणत, तीच म्हणते, येताजाता. गाडीवर पंजाचं स्टिकर, स्वेटरवर पंजा, पायपुसण्यावरही पंजा. एवढ्या पसाऱ्यात खरे पंजे चारच, तेही तिच्या तेरा वर्षांच्या कुत्र्याचे, ऑटोचे. म्हातारा, कानांनी अधू, कुणाच्या अध्यात ना मध्यात.

पण म्हाताऱ्या कुत्र्याच्या फोटोला कोण विचारतंय? म्हणून बाईंनी आमच्या प्राणी-निवाऱ्यातून पिकल नावाचं पिल्लू घ्यायचं ठरवलं. मी तिथे शनिवारी फुकट राबते. तिला तीनदा सांगितलं, "मार्लिस, आधी दोघांना बाहेर भेटव, परक्या रस्त्यावर. दोन पट्टे, दोन माणसं, नुसतं शेजारी शेजारी चालायचं. घरात नंतर. आणि पंधरा दिवसांत नाहीच जमलं तर पिल्लू परत आण. कुणी काही म्हणणार नाही."

"अगं आयरीन, माझा ऑटो म्हणजे देव आहे देव!"

"कुत्रा आहे," मी म्हटलं.

ऐकेल तर ती मार्लिस कसली! तिने दत्तक-पार्टी ठेवली. वीस माणसं, कागदी टोप्या, कुत्र्यांसाठी खिम्याचा केक. फोटो छान यावा म्हणून पिकलला थेट ऑटोच्या गादीवर बसवलं आणि ऑटोला टोपी घालून पुढे ढकललं. तो गुरगुरला. सगळे हसले. तिने आणखी ढकललं, तसा तो पिल्लाच्या कानावर वसकन धावून गेला. ओरखडासुद्धा नाही, पण आरडाओरडा असा, जणू घरात लांडगा शिरला! ऑटोची रवानगी थंडगार गॅरेजमध्ये झाली. "जळतोय मेला," असं ती पाहुण्यांना केक कापता कापता सांगत होती.

नवव्या दिवशी ती निवाऱ्यात आली. म्हटलं, चला, आली अक्कल, पिल्लू परत करतेय. बघते तर पट्ट्याला ऑटो.

"पिकलला आता इंटरनेटवर चारशे लोक ओळखतात गं," ती म्हणाली. "परत केलं तर त्यांना काय तोंड दाखवू?"

"आणि ह्याला?"

"तो समजूतदार आहे."

माझं डोकंच फिरलं. "तू म्हातारी झालीस की सांग हो," मी म्हटलं, "टाकून जायचे फॉर्म भरपूर आहेत आमच्याकडे."

तिने कारणाच्या रकान्यात लिहिलं, 'इतर कुत्र्यांशी पटत नाही', आणि गेली. ऑटो काचेच्या दाराशी उभा राहून शेपटी हलवत होता. मी पट्टा ओढला तरी हलेना. ती गाडी काढायला गेलीय, असं त्याला वाटत होतं.