एकच लाडू होता

"झटको. और झटको."

मी एप्रन झटकला. ओच्यात लपवलेले साखरेचे खडे स्टेजच्या फळ्यांवर टपटप पडले. दहा-बारा तरी असतील. सगळे हसले. गरिमा सगळ्यांत जास्त. तिची भूमिका मालकिणीची. मालकिणीनं तेव्हा रागवायचं होतं, तरी हसली. भैया खुर्चीतून टाळी वाजवत म्हणाले, "यही चाहिए. डरो, लेकिन थोड़ा फनी डरो."

मी वाकून खडे वेचले. पुन्हा ओच्यात भरले. पुन्हा झटकायचं होतं ना.

भैया म्हणजे आमचे दिग्दर्शक. लखनौत त्यांचा नाटकाचा ग्रुप आहे, जानकीपुरमला एका हॉलमध्ये तालमी चालतात. मी दिवसा तेलीबागला शाळेत शिकवते, संध्याकाळी दोन टेम्पो बदलून तिथं जात असे. त्या वर्षी जुनं रशियन नाटक घेतलं होतं. जमीनदाराचं घर, कर्जात बुडालेली मालकीण, येऊन राहिलेले पाहुणे, आणि न संपणारा चहा. सगळे उसासे टाकतात. चहा आणणारी मोलकरीण तेवढी उसासे टाकत नाही. तिला लेखकानं वेळच दिलेला नाही.

पहिले काही आठवडे मालकीण मी वाचत होते. चांगली वाचत होते, हे मी स्वतः सांगते, कारण दुसरं कोणी आता सांगणार नाही. एकदा वाचन संपल्यावर भैया सगळ्यांसमोर म्हणाले, "मालकिन मिल गई." मी घरी जाऊन आईला सांगितलं. आईनं त्या दिवशी रव्याचा शिरा केला.

मग बैठक झाली. भैयांची ती पद्धतच. भूमिका वाटायच्या आधी सगळ्यांनी सतरंजीवर गोल बसायचं, फोन बंद, आणि प्रत्येकानं आयुष्यातली एक खरी जखम सांगायची. रशियन नाटक असंच उघडतं म्हणे, आतून. नियम एकच. "बैठक की बात बैठक में रहेगी."

गरिमानं तिच्या मेलेल्या कुत्र्याची गोष्ट सांगितली. रडली. आम्हीही रडलो.

मी आईची गोष्ट सांगितली. आईचं माहेर वर्ध्याकडचं. आई लहान असताना गावात पाटलाच्या घरी लग्न होतं, आणि आमची माणसं उष्ट्या पत्रावळी उचलायला. आई परकर नेसायच्या वयाची. धाकटा भाऊ घरी तापानं पडलेला. तिनं एक लाडू उचलून परकराच्या ओच्यात धरला, त्याच्यासाठी. पाटलीणबाईंनी पाहिलं. भर मांडवात उभं करून ओचा झाडायला लावला. लाडू मातीत पडला. मांडव हसला. आईनं हे मला आयुष्यात एकदाच सांगितलंय, आणि सांगताना भिंतीकडे बघत होती.

माझं बोलून झालं तेव्हा भैयांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला. मोठ्या भावानं ठेवावा तसा. मला सख्खा भाऊ नाही. मला तो हात फार बरा वाटला.

पुढच्या आठवड्यात भूमिका वाटल्या. मालकीण गरिमाला. मला मोलकरीण. मी विचारलं तर म्हणाले, "तेरे चेहरे पे मेहनत दिखती है. ये सीखने से नहीं आता. मालकिन में थोड़ा खानदानी लुक चाहिए, यार." मी मान हलवली. कौतुकच आहे अशी स्वतःची समजूत काढली. आम्हाला ती सवय लहानपणापासून लावलेली असते.

आणि मग एके दिवशी तो प्रवेश आला. मूळ नाटकात नव्हता. मोलकरीण साखर चोरते, मालकीण पाहुण्यांसमोर तिला एप्रन झाडायला लावते. मी पहिल्यांदा ऐकलं तेव्हा आईचा ओचा आठवला, पण वाटलं, भैयांना ती गोष्ट लागली असेल. म्हणून घेतली असेल. प्रेक्षक गप्प होतील, असं वाटलं.

तो प्रवेश हसण्यासाठी होता. भैयांचं म्हणणं, रशियन नाटकात कोणी दुष्ट नसतं, सगळ्यांवर माया करायची. मालकिणीवर माया करत करत आम्ही तिथवर पोचलो होतो. कुत्र्याची गोष्ट मात्र नाटकात कुठंच आली नाही.

रंगीत तालमीला दिल्लीहून एक पाहुणे आले, नाटकांवर लिहिणारे. त्यांना तो प्रवेश फार आवडला. "ये कहाँ से सूझा आपको?" त्यांनी विचारलं. मी विंगेत उभी होते, समोवारचं, त्या रशियन चहाच्या भांड्याचं, झाकण हातात.

भैया म्हणाले, "बचपन में अपनी हवेली में देखा था. दादी नौकरानी का आँचल झड़वाती थीं. हम बच्चे हँसते-हँसते लोटपोट."

आधी वाटलं, खोटं बोलताहेत. माझी गोष्ट चोरून वर स्वतःची म्हणून खपवताहेत. मग वाटलं, खरंही असेल. आणि ते जास्त लागलं. म्हणजे मी बैठकीत आईला मांडवात उभी करत होते तेव्हा हा माणूस ओळखीचं काहीतरी ऐकत होता. आपण कुठल्या बाजूला बसून हसलो होतो ते त्याला माहीत होतं. आणि त्यानं माझ्या डोक्यावर हात ठेवला.

मी बाहेर आले. एप्रन सोडून चहाच्या टेबलावर ठेवला.

"मैं ये सीन नहीं करूँगी. ये मेरी माँ की बात है. बैठक में कही थी."

"तुम्हारी माँ की थी. अब नाटक की है. कला में तेरा-मेरा नहीं होता."

"तो हवेली की क्यों बताई?"

बैठकीत माझ्याबरोबर रडलेले सगळे तिथंच होते. एकानंही तोंड उघडलं नाही. गरिमा फोन बघत बसली. भैया अगदी हळू म्हणाले, "आप थक गई हैं. घर जाइए." लखनौत माणसाला हाकलतात तेही अदबीनं.

दुसऱ्याच दिवशी माझ्या जागी दुसरी मुलगी आली. प्रवेश तसाच राहिला.

मी आईला सगळं सांगितलं. ती मटार सोलत होती. हात थांबले नाहीत. सोलता सोलताच विचारलं, "लोकं हासतेत?"

"हो आई. हसतात."

"मंग मले पाह्यचं आहे."

काल पहिला प्रयोग होता. आईनं ठेवणीतली निळी साडी नेसली. हॉल भरलेला. नव्या मुलीनं एप्रन झाडला. खडे वाढवले होते, ओंजळभर तरी पडले, एक तर घरंगळत पहिल्या रांगेपर्यंत गेला. लोक खदखदून हसले. मला आईकडे बघवेना. ती माझ्या कानाशी आली.

"एकच लाडू होता वं," ती म्हणाली. "एवढी साखर कुठी होती."

प्रयोग संपल्यावर भैया आमच्याकडे आले. हसतमुख. आईच्या पायांना हात लावायला वाकले. "माँजी, आशीर्वाद दीजिए."

आईनं पाय मागे घेतले. भैयांचा हात फरशीला लागला.

"वो मेरी बात है," आई तिच्या मोडक्या हिंदीत म्हणाली. "वापस दो."

भैया उठले, हात झटकले. "अगले शो में आपका नाम ले लेंगे माँजी."

"नाम नहीं चाहिए," मी म्हणाले. "वो सीन निकालिए."

"और न निकालूँ तो?"

मी तिथं उत्तर दिलं नाही. इथं देते.

प्रयोग उद्याही आहे, परवाही. मी कडेची खुर्ची धरणार आहे. एप्रन झाडला जाईल, साखर पडेल, लोक हसायला लागतील, तेव्हा मी उभी राहीन. मालकिणीसाठी कमावलेला आवाज आहे माझा, मागच्या रांगेपर्यंत जातो. मी सांगेन की ही माझ्या आईची गोष्ट आहे, तो एकच लाडू होता आणि तो तापानं फणफणलेल्या पोरासाठी होता. मला बाहेर काढतील. पुढच्या प्रयोगाला मी पुन्हा येईन. तो प्रवेश नाटकातून जाईपर्यंत येईन.

आई म्हणाली आहे, माझंही तिकीट काढ.